आवश्यक ब्राउझर सापडला नाही

"आई, जरा खिडकीकडं तोंड करा. उजेड येऊ दे चेहऱ्यावर."

"केलं. पण त्याला मी सगळी दिसंन का गो? का नुसतं डोकंच दिसतं त्यात?"

"जेवढ्या आहात तेवढ्या दिसाल. हलू नका फक्त."

सासूबाई सकाळपासून नटून बसल्या होत्या. नटून म्हणजे काय, तर ट्रंकेतलं जांभळं लुगडं नेसून, केसांना खोबरेल चोपडून, कॉटवर पाठीशी दोन उशा घेऊन. त्या दिवशी चार वाजता दिगंबर फोनवर दिसणार होता. दिगंबर माझा नवरा. मी त्याला तोंडावर अहो-जाहो करते, मागं मात्र 'तो'च म्हणते, त्यामुळं इथंही तसंच सांगते.

त्याचं जहाज चार महिने परदेशातल्या एका बंदराबाहेर अडकून पडलं होतं. जहाजाचा मालक आणि बंदरवाले यांचं काहीतरी भांडण, आणि ते मिटेपर्यंत जहाज हलवायचं नाही असा हुकूम. वर खलाशांचे फोनही काढून घेतलेले. चार महिन्यांत त्याचा आवाज नाही, निरोप नाही, काही नाही. मग कंपनीनं कुठूनशी परवानगी काढली. प्रत्येकाला घरच्यांशी दहा मिनिटं बोलता येईल, कंपनीच्या ॲपवरून, समोरासमोर बघून. आमची वेळ चार ते चार-दहा. परत अशी संधी कधी मिळेल ते कंपनीलाही ठाऊक नव्हतं.

सासूबाईंना तर आणखीच घाई. शिमग्यानंतर त्यांच्या हृदयाचं दुखणं निघालं, महिनाभर दवाखान्यात होत्या. डॉक्टरांनी दिगंबरला बाजूला घेऊन काय सांगितलं ते त्यानं मला कधी धड सांगितलं नाही. पण मे महिन्यात जहाजावर जायला निघाला तेव्हा फाटकापर्यंत जाऊन तीनदा परत आला. एकदा चष्मा राहिला म्हणून, एकदा पाणी प्यायला, आणि एकदा उगाचच. आईच्या कॉटपाशी उभा राहिला आणि गेला.

तर जेवणं आटोपली, भांडी पालथी घातली, आणि मी ॲप उघडून बघितलं. लवकरच उघडलं, म्हणजे ऐनवेळी घोळ नको. तीन दिवसांपूर्वी मीच ते फोनवर घेतलं होतं, नंबर घातला, आकडे आले, नोंदणी झाली, कसली कुरकुर नव्हती. आता फक्त 'भेट' असं लिहिलेल्या चौकोनावर बोट ठेवायचं होतं. ठेवलं. पडदा पांढरा झाला आणि इंग्रजीत दोन ओळी आल्या. त्यांचा मराठीत अर्थ एवढाच की आवश्यक ब्राउझर सापडला नाही, ब्राउझर सुरू करून पुन्हा प्रयत्न करा.

पुन्हा प्रयत्न केला. पुन्हा त्याच दोन ओळी. फोन बंद करून चालू केला, नेट बंद करून चालू केलं, एकदा तर देवापुढं ठेवून आणला. काडीचा फरक नाही.

"काय झालं?" सासूबाईंनी विचारलं.

"काही नाही. जरा अडलंय."

"अडलंय म्हणजे?"

"आई, तुम्ही बसा ना गप."

मी कंपनीच्या मदतीच्या नंबरवर फोन लावला. बराच वेळ गाणं वाजलं. मग एक मुलगी आली, आवाज गोड, पण पाठ केलेलं बोलणारी. "मॅडम, ॲप लॉगिनसाठी ब्राउझर उघडतं. तुमच्या फोनमध्ये तो ब्राउझर बंद असेल किंवा काढलेला असेल. तो चालू करा."

"कसा चालू करायचा?"

"सेटिंगमध्ये जाऊन, मॅडम."

"मी दुसऱ्या फोनवर घेतलं ॲप तर? शेजारणीचा आहे."

"दुसऱ्या फोनवर घेतलं तर नव्यानं पडताळणी होते मॅडम, तिला दोन दिवस लागतात. नोंदणी ज्या फोनवर झाली त्याच फोनवर भेट होईल."

"बाई, माझ्या नवऱ्याला मी चार महिने बघितलेलं नाही. तुम्ही तिकडून काही करू शकत नाही का?"

"मी तुमची अडचण समजू शकते, मॅडम," ती म्हणाली. आता ती काय समजणार होती, कपाळ माझं.

सेटिंगमध्ये गेले. ब्राउझर होता, नावापुढं 'बंद' लिहिलेलं होतं. त्यावर बोट ठेवलं की चार चौकटी यायच्या आणि पिन मागायच्या. मी असला पिन कधी टाकलेला नव्हता. मी धावत स्टँडवर गेले आणि नजीर मुकादमला दुकान तसंच टाकून घरी घेऊन आले. अख्ख्या बोरवेळ गावात मोबाईल दुरुस्त करणारा तो एकच.

नजीर तसा शांत माणूस. कॉटच्या पायथ्याशी स्टुलावर बसला, फोन उलटसुलट केला, सासूबाईंना म्हणाला, "काकू, आज अगदी लग्नाला निघाल्यासारख्या दिसताय."

"पोरगा बघणार हाय. तू हात चालव."

नजीरनं हात चालवला. दुसरा एक ब्राउझर आपल्या फोनवरून पाठवून बघितला. फोननं पिन मागितला. मेमरी कार्डात घालून आणला. फोननं पिन मागितला. हळूहळू त्याच्या कपाळाला आठ्या पडायला लागल्या.

"फोन पूर्ण पुसून काढला तर जाईल हे," तो म्हणाला. "पण मग तुमची नोंदणीपण जाईल."

"मग दोन दिवस."

"हो, मग दोन दिवस." त्यानं जरा घसा खाकरला. "वहिनी, एक विचारू का? हे कुलूप लावलं कुणी?"

"कसलं कुलूप?"

"हे बघा. लहान पोरांच्या फोनला आईबाप लावतात ना, भलतंसलतं बघू नये म्हणून, ते हे. ब्राउझर बंद केलाय, आणि परत चालू करता येऊ नये म्हणून वरून हे बसवलंय. मे महिन्यातली तारीख दिसतेय."

मे महिन्यात माझ्या फोनला हात लावणारा माणूस एकच होता. नजीर फोनकडंच बघत राहिला, माझ्याकडं बघितलं नाही त्यानं, आणि त्याचंच मला जास्त लागलं. आता स्टँडवर बातमी जाईल की डोर्लेकराच्या बायकोच्या फोनला नवऱ्यानं कुलूप लावलंय. नजीर सांगणारा नव्हता, पण मला तेव्हा तेच वाटलं. अंगाचा नुसता तिळपापड झाला. मी बी.ए. झालेली बाई, कराडला शाळेत शिकवत होते, आणि माझा नवरा मला पोरासोरांचं कुलूप लावून जातो? पाच महिने कुणी काही पाठवलं की लिंक उघडायची नाही, आणि मी बसले होते बोरवेळच्या नेटवर्कला शिव्या घालत.

"काय म्हणतोय तो?" सासूबाई म्हणाल्या.

"तुमच्या लेकाचे प्रताप सांगतोय. माझ्यावर विश्वास नाही त्याचा. फोन बंद करून गेलाय माझा."

मला वाटलं त्या लेकाची बाजू घेतील, नाहीतर गप्प बसतील. त्या म्हणाल्या, "सेल काढले व्हय? मला म्हणाला होता तो."

"काय म्हणाला होता?"

"जाताना म्हणाला. आई, तिच्या फोनचे सेल काढून ठेवलेत. मला वाटलं, नवीन फोनला बी सेल असतात."

नजीरनं मान वर केली. मी कॉटच्या कडेला बसले. सासूबाईंनी मग नीट सांगितलं. त्यांच्या वेळी बोरवेळातला माणूस जहाजावर निघाला की घरातल्या रेडिओचे सेल काढून ट्रंकेत टाकायचा आणि ट्रंकेची चावी कमरेला लावून जायचा. घरात वादळाची, बुडाल्याची, पेटल्याची बातमी ऐकायची नाही. बातमी ऐकून बाईमाणसाला करता तर काहीच येत नाही, नुसता जीव जातो. माणूस परत आला की आधी सेल घालायचा, मग चहा प्यायचा.

"तुझ्या सासऱ्यानं जन्मभर केलं तसं," त्या म्हणाल्या. "मला त्याचा राग नाय आला कधी. रेडिओ काय, येतो की परत."

आता माझ्याही लक्षात आलं. आदल्या वर्षी फोनवर एका पेटलेल्या जहाजाची बातमी मी वाचली होती. नाव निम्मं त्याच्या जहाजासारखं. मी वाडीभर रडत फिरले, तीन घरांत त्या दिवशी चूल पेटली नाही, आणि संध्याकाळी त्याचाच फोन आला, जेवलीस का म्हणून. तेव्हा तो हसला होता. पण मनात ठेवलं असणार. मी घाटावरची, मला या समुद्राकडच्या रीती कोण समजावून सांगणार? सांगितलं असतं तरी मी ऐकलं नसतं म्हणा. म्हणून त्यानं न सांगता सेल काढले. आणि कंपनीचं ॲप नेमकं त्याच सेलवर चालणारं निघेल, हे त्या बिचाऱ्याला कुठून कळणार.

एवढं कळलं तरी राग गेला नाही, हेही सांगून टाकते. कुलूप उघडायचा आकडा ज्या एका माणसाला ठाऊक, त्याच्याशी बोलायला ते कुलूप उघडायला हवं होतं. असला पेच कुणावर येऊ नये.

"पिन आठवा," नजीर म्हणाला. "चार आकडे. पण जपून. पाच वेळा चुकलं की अर्धा तास दार बंद."

त्याची जन्मतारीख घातली. नाही. माझी घातली. नाही, आणि तेही मला जरा लागलंच. लग्नाचं साल घातलं. नाही. सासऱ्यांच्या निधनाचं साल घातलं. नाही. आता एकच राहिला होता आणि घड्याळ साडेतीनच्या पुढं गेलं होतं.

"थांबा," नजीर म्हणाला, "उगाच घालू नका. विचार करा. त्याच्या डोक्यात कुठला आकडा पक्का बसलेला असेल?"

लग्नाला तीन वर्षं झाली होती आणि त्यातले मोजून आठ महिने तो घरी होता. त्याच्या डोक्यात काय पक्कं बसलंय ते मला काय माहीत? मला त्याला दोडक्याची भाजी आवडत नाही एवढं माहीत होतं.

"होडीचा घाल," सासूबाई म्हणाल्या.

"कुठल्या?"

"त्याच्या बापाची होडी गो, जहाजावरची नोकरी सुटल्यावरची. पुढच्या टोकाला नाळीवर नंबर होता, तो दर वर्षी दिगूच रंगवायचा. शाळेच्या पाटीवर बी तोच लिहायचा मेला."

"तुम्हाला आठवतोय?"

"मला न आठवायला काय झालं?" त्यांनी डोळे मिटून चार आकडे सांगितले. नजीरनं एकेक आकडा असा दाबला, जणू पडदा फुटेल. आणि कुलूप उघडलं.

मी नजीरच्या पाठीत धपाटाच घातला आनंदानं. मग लाज वाटली, पण तो हसत होता. त्यानं ब्राउझर चालू केला, ॲप उघडलं, 'भेट'वर बोट ठेवलं. सासूबाईंनी पदर सारखा केला. पडदा पांढरा झाला आणि या वेळी वेगळ्या ओळी आल्या. तुमचा ब्राउझर जुना आहे, तो अद्ययावत करून पुन्हा या.

"म्हणजे?" मी विचारलं.

"पाच महिने बंद होता ना. नवा उतरवून घ्यावा लागेल." नजीर बोलता बोलता उठला. "इथं नेटवर्क कितीय?"

घरात एक रेघ होती. ती पण कधी असायची, कधी नसायची. नजीर फोन घेऊन ओट्यावर गेला, तिथून नारळीच्या आगरात, तिथून विहिरीच्या कठड्यावर चढला आणि फोन डोक्यावर धरून उभा राहिला. त्याचं नेट वापरून बघितलं, ते आमच्याहून रडकं. मी खाली उभी, सासूबाई आत कॉटवर. त्या आतून ओरडायच्या, "किती झालं?" मी नजीरला विचारायचे, नजीर फोन खाली घेऊन बघायचा, तेवढ्यात ती एक रेघही जायची.

"वीस टक्के," तो म्हणाला.

"वीस टक्के, आई."

"वीस म्हणजे लई का थोडं?"

मी नजीरला फोन आणखी उंच धरायला सांगितलं.

आणि तिथंच विहिरीवर फोन वाजला. टिंग असा बारीकसा आवाज. नजीरनं बघितलं आणि फोन माझ्या हातात दिला. ॲपनं कळवलं होतं की तुमची भेट सुरू झाली आहे. त्याच्याखाली दुसरी ओळ होती. समोरची व्यक्ती तुमची वाट पाहत आहे.

तो तिकडं येऊन बसला होता. दाढी केली असेल, धुतलेला शर्ट घातला असेल, त्याच्यापुढं आमच्या नावाची रिकामी चौकट असेल. मी फोनला तोंड लावून म्हणाले, "अहो, आहे मी. इथंच आहे." म्हणून झाल्यावर मला कळलं मी काय करतेय ते. नजीर समुद्राकडं बघत होता.

"चाळीस झाले," तो फोन परत हातात घेऊन म्हणाला. "होईल वहिनी."

मला तिथं उभं राहवेना. मी आत आले. सासूबाई होत्या तशाच बसल्या होत्या, खिडकीकडं तोंड करून, मी सांगितलं होतं तशा. त्यांना आवाज ऐकू गेला होता.

"तो आला?"

"आलाय. आपणच नाही जोडलेलो अजून. थोडं राहिलंय."

"प्रणाली," त्या म्हणाल्या. एरवी त्या मला नावानं हाक मारत नसत. "आपण दिसलो नाय तर तो काय समजंल, ठाव हाय ना तुला?"

मला ठाऊक होतं. लग्न होऊन आले त्याच वर्षी बघितलं होतं. आमच्या शेजारच्या महादेव पाड्याराचे वडील वारले तेव्हा महादेव जहाजावर होता. बोरवेळात पाण्यावरच्या माणसाला घरातलं मरण सांगत नाहीत. चारी बाजूंनी पाणी, बिचारा करणार काय? आणि खोटंही बोलत नाहीत, कारण आवाजावरून कळतं. म्हणून मग फोनच उचलत नाहीत. महादेव दर रविवारी फोन करायचा. त्याची आई वाजणाऱ्या फोनसमोर पदराचा बोळा तोंडात धरून बसायची. पहिल्या रविवारी तो सात-आठ वेळा वाजला. दुसऱ्या रविवारी एकदा. पुढं वाजला नाही.

"काही समजणार नाही," मी म्हणाले. "नेटवर्कची बोंब आहे हे त्याला माहीत नाही का?"

मी परत बाहेर गेले.

नजीर आता कठड्यावर चवड्यांवर उभा होता. घामानं शर्ट पाठीला चिकटलेला. चार वाजून गेले, पाच मिनिटं झाली, सात झाली. मधे एकदा रेघ पूर्ण गेली आणि तो "या अल्ला" म्हणून दुसऱ्या हातात फोन घेऊन उंच झाला. मी आयुष्यात बऱ्याच गोष्टींसाठी रडलेय, पण एका आकड्यानं पुढं सरकावं म्हणून हात जोडून उभी राहिले ती तेवढीच. आमच्या हातात काहीच नव्हतं. धावायला जागा नव्हती, हातापाया पडायला माणूस नव्हता. असता तर पडले असते.

पुन्हा टिंग झालं. आपली भेट संपली आहे.

नजीर खाली उतरला. थोड्या वेळानं ब्राउझर उतरून झाला. त्यानं ॲप उघडलं, 'भेट'वर बोट ठेवलं, आणि ते अगदी सुरळीत उघडलं. माझं नाव आलं, दिगंबरचं नाव आलं, दोन्ही चौकटी आल्या. दोन्ही रिकाम्या.

"माफ करा वहिनी," तो म्हणाला.

"तुमचा काय दोष त्यात," मी म्हणाले. त्याला चहा केला, तो त्यानं घेतला नाही.

मी परत त्या गोड आवाजाच्या मुलीला फोन लावला. म्हटलं, एवढंच कळवा की घरी सगळे ठीक आहेत, फोन बिघडला होता. ती म्हणाली, निरोप देण्याची सोय नाही मॅडम, परवानगी फक्त ॲपवरच्या भेटीची होती. मी म्हटलं, नुसतं 'आई बरी आहे' एवढं. तीन शब्द. ती म्हणाली, मी तुमची विनंती नोंदवून घेते. ती विनंती कुठल्या वहीत नोंदवली गेली देव जाणे. मी त्यानंतर रोज फोन केला. रोज कुणीतरी माझी अडचण समजू शकत होतं.

सासूबाई त्या दिवशी दिवेलागणीपर्यंत जांभळ्या लुगड्यात बसून राहिल्या. मी लुगडं बदला म्हटलं तर म्हणाल्या, "बसू दे गो. नेसलंय तर बसते जरा."

हे झालं ऑक्टोबरच्या सुरुवातीला. महिना संपत आला तसा कंपनीचा फोन आला. भांडण मिटलं, माणसं विमानानं मुंबईत उतरतायत. मी दिगंबरचा नंबर लावून लावून थकले. त्याचा फोन त्याला परत मिळालेलाच नव्हता. पण मुंबईत उतरल्यावर कुणाच्याही फोनवरून एक फोन करायला काय हरकत होती, असं मी सासूबाईंना दहा वेळा ऐकवलं. त्या दरवेळी विषय बदलायच्या. मी इकडं भांडण तयार ठेवलं होतं. पहिलं वाक्यसुद्धा ठरलेलं. मी काय तुम्हाला शाळेतली पोर वाटले का?

तो आला दुपारी. सासूबाई तोवर हिंडत्याफिरत्या झाल्या होत्या, डॉक्टरांनाही नवल वाटावं अशा. ओट्यावर पाय पसरून त्या केरसुणीसाठी झावळीचे हीर काढत होत्या. मी आत चुलीशी. फाटक वाजलं, आणि मग काहीच नाही. पावलं नाहीत, हाक नाही. कुत्रं शिरलं असेल म्हणून मी बाहेर आले.

दिगंबर फाटकाच्या आत येऊन थांबला होता. खांद्याला बॅग. पहिल्यांदा मी ओळखलंच नाही त्याला. त्याची ती दाट मिशी नव्हती. डोक्यावर नुकते फुटलेले खुंट. आईकडं तो असा बघत होता की त्याची पापणी हलत नव्हती.

सासूबाईंचा हात थांबला. त्यांनी त्याच्या डोक्याकडं बघितलं, मिशीच्या जागेकडं बघितलं. मग वळून दारात मला बघितलं. म्हणजे मी तर जिवंत होते. परत त्याच्याकडं वळल्या.

"कोण गेलं रे?"

त्यानं एक पाऊल पुढं टाकलं आणि थांबला.

"दिगू, कोण गेलं? सांग की."

तो उभा होता तिथंच मटकन खाली बसला, बॅग खांद्याला तशीच, आणि मोठ्यानं रडायला लागला. माझं ठरवलेलं वाक्य तोंडातच राहिलं. सासूबाईंनी कोयती बाजूला ठेवली. खांबाला धरून उठल्या, एकेक पायरी उतरल्या. त्या त्याच्यापाशी गेल्या आणि त्यांनी त्याच्या डोक्यावर हात ठेवला. खुंट हाताला लागले तशा थांबल्या.

"माझं केलंस व्हय?"

त्यानं मान हलवली.

"कधी?"

"त्या भेटीपासून दहाव्याला. चार वाजल्यापासून बसलो होतो, आई. कुणीच आलं नाही. मी तिथंच समजलो."

"डोकं कुणी केलं?"

"जहाजावरच्या आचाऱ्यानं. दाढीच्या मशीननं. भातपण त्यानंच शिजवून दिला."

"बरं केलं त्यानं. आणि कावळा?"

"समुद्रात कावळा कुठला, आई." त्यानं बाहीनं नाक पुसलं. "जहाजामागं हिंडतात ना ते कुरव, त्यातला एक आला."

"वाट बघायला लावली का त्यानं?"

"नाही. घास ठेवला आणि लगेच शिवला. म्हटलं, आईचं मागं काही राहिलेलं नाही. तेवढंच जरा बरं वाटलं."

सासूबाई त्याच्या डोक्यावरून हात फिरवत राहिल्या, पुढून मागं, मागून पुढं.

"खोटारडा मेला पक्षी," त्या म्हणाल्या. "माझं तर तुला बघायचं राहिलं होतं."